धागा: पेरूतल्या कुस्कोहून एका दिवसात इंकांचं पवित्र खोरं – सहल कोणती घ्यावी, तिकीट, बाजार, शाकाहारी जेवण

खडीसाखर

जूनच्या पहिल्या आठवड्यात चौघं कुस्कोला जाणार. दोघं सत्तरीच्या आसपासचे, चालतात व्यवस्थित, पण पायऱ्या थांबत थांबत चढतात. चौघंही शाकाहारी, अंडं चालतं. माचू पिचूचं आरक्षण झालंय. त्याआधी पवित्र खोऱ्यासाठी एकच दिवस हाताशी आहे.

सहल कंपन्या तीन प्रकार सांगतात. पहिला जुना मार्ग, म्हणजे पिसाक, उरुबांबात जेवण, ओयांतायतांबो आणि परतताना चिंचेरो. दुसरा अर्ध्या दिवसाचा, चिंचेरो, मोराय आणि मारासची मिठागरं. तिसऱ्यात हे सगळं एकाच दिवसात. पैशांचा फरक फार नाही, मग तिसरा का घेऊ नये? आणि तिकिटांचं नेमकं गणित काय?

घाटवाट

तिसरा घेऊ नका. ठिकाणं किती दाखवणार हे विचारून काही कळत नाही, प्रत्येक ठिकाणी किती मिनिटं थांबणार हे विचारा आणि ते लिहून घ्या.

गणित साधं आहे. सगळं एकत्र असलेली सहल सकाळी साडेसहा-सातला निघते आणि संध्याकाळी सातला परत येते. म्हणजे बारा तास. त्यातले साधारण पाच गाडीत जातात, कारण कुस्को ते पिसाक ३३ किलोमीटर दिसायला कमी असलं तरी सगळा घाटरस्ता आहे, आणि पाचही ठिकाणं एका रेषेत नाहीत. जेवणाला एक तास. चांदीचं दुकान, विणकाम केंद्र, मीठ आणि चॉकलेटचं दुकान मिळून दीड तास कुठे जातो कळत नाही. उरलेल्या साडेचार तासांत पाच ठिकाणं. त्यात सत्तरीच्या माणसाला ओयांतायतांबोच्या दोनशेहून जास्त पायऱ्या चढायला ४० मिनिटं दिली तर तो माणूस वर पोचेपर्यंत गाइड खाली उतरायला लागलेला असतो.

चौघं असाल तर सामायिक बसपेक्षा दिवसभराची खाजगी गाडी आणि गाइड घ्या. माणशी खर्च थोडा वाढतो, पण थांबायचं कुठे आणि किती हे तुमच्या हातात राहतं. सामायिक गटात गाइड बहुधा 'दोन भाषांचा' असतो, म्हणजे प्रत्येक गोष्ट आधी स्पॅनिशमध्ये आणि मग इंग्रजीत. वीस मिनिटांच्या माहितीतली दहाच तुमच्या वाट्याला येतात. गाइडकडे अधिकृत ओळखपत्र असतं, ते गळ्यात दिसलं पाहिजे.

उंबरठा

तिकिटाबद्दल. या ठिकाणांना सुटं तिकीट मिळत नाही, 'बोलेतो तुरिस्तिको' नावाचं एकत्र तिकीट घ्यावं लागतं. पूर्ण तिकीट १३० सोल्स (सोल हे तिथलं चलन), १६ ठिकाणं, १० दिवस चालतं. अर्धवट तिकीट ७० सोल्स. त्याचे तीन गट आहेत आणि तुम्हाला लागणारा तिसरा: पिसाक, ओयांतायतांबो, चिंचेरो, मोराय. तो २ दिवस चालतो. पहिला गट कुस्कोच्या डोक्यावरच्या साक्सायवामान, केन्को, पुका पुकारा, तांबोमाचाय या चार जागांचा, तो एकाच दिवसाचा. दोन्ही गट बघायचे असतील तर दोन अर्धवट तिकिटांचे १४० होतात, तेव्हा सरळ पूर्ण घ्या. जायच्या आदल्या दिवशी दर एकदा तपासून घ्या.

प्रत्येक ठिकाणी तिकिटाला भोक पाडतात आणि त्या जागी एकदाच आत जाता येतं. बाहेर येऊन पुन्हा आत, हे होत नाही. म्हणून स्वच्छतागृह आणि पाणी फाटकापाशीच उरकून घ्या. तिकीट पहिल्या फाटकावरही मिळतं, पण रोख सोल्स जवळ ठेवा.

मारासची मिठागरं या तिकिटात नाहीत, त्यांचे पैसे फाटकावर वेगळे. कुस्कोमधलं 'कोरिकांचा' नावाचं इंकांचं सूर्यमंदिर आणि मुख्य चर्चही वेगळं. स्वस्त सहलीच्या जाहिरातीत 'सर्व समाविष्ट' लिहिलेलं असतं तेव्हा त्यात गाडी, गाइड आणि जेवण एवढंच असतं, प्रवेश नसतो. हा एक प्रश्न आधीच विचारून टाका.

दगडफूल

घाटवाट यांच्या मताशी पूर्ण सहमत. मी पिसाक आणि ओयांतायतांबो हीच दोन निवडेन, वेळ उरला तर चिंचेरो. कारण सांगतो.

पिसाकचे अवशेष गावापासून बरेच वर, डोंगराच्या सोंडेवर आहेत. गाडी वरच्या फाटकापर्यंत जाते. तिथून समोर दिसतात त्या मजग्या, आपल्याकडे कोकणात डोंगरउतारावर घालतात तशाच, पण दगडी बांध इतके नेमके वाकवलेले की अख्खा उतार एका अंगाने वळल्यासारखा वाटतो. समोरच्या कड्यात भोकं दिसतात, त्या थडग्यांच्या कपारी आहेत, बहुतेक पूर्वीच लुटल्या गेलेल्या. सामायिक गट इथे तासभर थांबतो आणि परततो. खरं कोरीव काम पुढे आहे. कायाकासा हा अवशेषांचा वरचा भाग ओलांडून, एका लहानशा बोगद्यातून, कड्याच्या कडेच्या वाटेने इंतिवातानाच्या देवळांपर्यंत जायला एका बाजूने ३०-४० मिनिटं लागतात. तिथला दगड आणि वाहत्या पाण्याच्या चऱ्या बघितल्याशिवाय पिसाक झालं असं मी म्हणणार नाही. गाडीवाल्याला खाली गावात पाठवून इंतिवातानाहून तसंच गावात उतरता येतं. पण उतार खडा आहे आणि दगडी पायऱ्या उंच आहेत, गुडघ्यांचा विचार करून ठरवा. ज्येष्ठांनी आल्या वाटेने परत फिरलेलं बरं.

ओयांतायतांबोला पायऱ्या चढून गेल्यावर सहा उभ्या शिळांची भिंत आहे. गुलाबी रायोलाइट दगडाच्या, माणसाच्या दुप्पट उंच. तिच्यासमोर घाईत फोटो काढून निघू नका. दोन शिळांच्या मध्ये दगडाची एक अरुंद पट्टी उभी बसवली आहे, ती जवळ जाऊन बघा. चुना नाही, फटी भरलेल्या नाहीत, तरी सांध्यात नख जात नाही. हेमाडपंती देवळांत चुन्याविना बसवलेले दगड पाहिलेल्या माणसाला फरक लगेच कळेल. आपल्याकडे थर आडवे आणि दगड चौकोनी, इथे पातळ पट्टी उभी घालून शिळा एकमेकींपासून अलग ठेवल्या आहेत. एका शिळेवर पायऱ्यांच्या आकाराची नक्षी आहे, झिजलेली. सकाळच्या तिरक्या उन्हात दिसते, भर दुपारी जवळजवळ नाहीशी होते.

या शिळा नदीच्या पलीकडच्या काचिकाता खाणीतून, काही किलोमीटरवरून आणलेल्या. खाण समोरच्या डोंगरात उंचावर आहे, म्हणजे आधी खाली उतरवायच्या, नदी ओलांडायची आणि पुन्हा वर चढवायच्या. वर चढवायची दगडी घसरण अजून दिसते. वाटेत सोडून दिलेले दगड आहेत, त्यांना तिथले लोक 'थकलेले दगड' म्हणतात. देऊळ अपुरं राहिलं आहे, त्यामुळे काम कसं चालायचं हे इथे कळतं, ते पूर्ण झालेल्या वास्तूत कळत नाही. १५३७ मध्ये इंकांचा राजा मांको इंका याने एर्नांदो पिसारोच्या स्पॅनिश फौजेला इथूनच मागे हटवलं होतं. वर उभं राहून खालचं मैदान बघितलं की ते कसं जमलं असेल याचा अंदाज येतो.

पायऱ्या जमत नसतील त्यांनी खाली थांबावं, वेळ वाया जात नाही. पायथ्याशी राजकन्येचं स्नानगृह म्हणतात ते दगडी कारंजं आहे. फाटकाबाहेरचं गावही इंकांनी आखलेलं, गल्ल्यांतून पाण्याचे पाट अजून वाहतात, लोक त्याच जुन्या भिंतींच्या घरांत राहतात. समोरच्या पिंकुयुनाच्या कड्यावर धान्याची कोठारं दिसतात. तिकडे जायला पैसे लागत नाहीत, पण वाट अरुंद आणि निसरडी आहे, ज्येष्ठांनी खालूनच बघावीत.

घाटवाट

दगडफूल, क्रम उलटा करता येतो का हे खडीसाखर यांनी गाडीवाल्याला जरूर विचारावं. सगळ्या बस सकाळी पिसाकला आणि दुपारी ओयांतायतांबोला येतात. तुम्ही साडेसहाला निघून चिंचेरोमार्गे आधी ओयांतायतांबो गाठलंत तर तिथे गर्दी नसते आणि ती नक्षीही दिसते. दुपारी जेवून पिसाक. जून कोरड्या हंगामात येतो, पावसाची फारशी भीती नाही. २४ जूनला कुस्कोत इंती राय्मी हा सूर्याचा उत्सव असतो, त्याच्या आसपास गाड्या आणि खोल्या दोन्ही महागतात, तुमचा पहिला आठवडा त्यातून वाचला.

चाती

बाजाराबद्दल कोणी लिहिलं नाही म्हणून. पिसाकचा बाजार रोज असतो, पण मंगळवार, गुरुवार आणि रविवारी मोठा भरतो. चिंचेरोचा रविवारी. दिवस तुमच्या हातात असेल तर रविवार धरा. आजूबाजूच्या गावांतले लोक भाजी, बटाटे, मका घेऊन येतात. हस्तकलेच्या रांगा सोडून आत शिरा, बायका जमिनीवर कापड अंथरून बसलेल्या असतात तिथे.

चिंचेरोचं विणकाम बघायला प्रत्येक बस नेते. वीस मिनिटांचं प्रात्यक्षिक, मग दुकान. प्रात्यक्षिक खरं असतं, चुकवू नका. एक मूळ किसून पाण्यात घुसळतात, रिठ्यासारखा फेस येतो आणि मळकी लोकर पांढरी होते. मग फड्या निवडुंगावरचा वाळलेला किडा, कोचिनिया, तळहातावर चिरडतात. दाटसर रक्तासारखा लाल. त्यावर लिंबाचा रस पिळला की बघता बघता नारिंगी होतो आणि खारात जांभळ्याकडे झुकतो. एकाच किड्यातून रंगछटांची रांग निघते ती अशी. लोकर टकळीवर कातून कमरेला पट्टा बांधून ताणलेल्या मागावर विणतात, आणि बाणा ठोकायला लामा या प्राण्याच्या हाडाचं टोकदार हत्यार असतं.

दुकानातला सगळा माल तिथला नसतो, ही अडचण. ओळखायचं असं. हाताने विणलेल्या कापडाच्या चारही कडा बंद असतात, कुठेही कापून शिवलेलं नसतं. कापड उलटं करा, नक्षी मागेही तीच, फक्त रंग अदलाबदल झालेले. यंत्राच्या कापडात मागे सुटे धागे लोंबतात किंवा चित्र फिकट दिसतं. नैसर्गिक रंग एकसारखा सपाट नसतो, जवळून बघितलं तर धाग्यागणिक किंचित कमीजास्त.

स्वेटरांचं म्हणाल तर ४०-५० सोल्सला '१०० टक्के बेबी अल्पाका' (अल्पाका म्हणजे लामाच्या जातीचा लोकरीचा प्राणी) मिळत नाही. तो ॲक्रिलिक असतो किंवा मिसळ. खरा अल्पाका गालाला लावला तर आधी गार लागतो, हातात जड वाटतो आणि प्लॅस्टिकसारखा चमकत नाही. विकणाऱ्याने सुटा धागा जाळून दाखवला तर केस जळल्याचा वास आणि चुरडता येणारी राख. ॲक्रिलिक वितळून कडक गोळी होते. चांदी घ्यायची तर ९५० चा छाप बघा.

घासाघीस चालते, पण बेताने. बाजारातल्या आयात टोप्यांवर हवी तेवढी करा. स्वतः विणणाऱ्या बाईकडचा पट्टा मात्र आठवडे घालून झालेला असतो, तिथे किंमत पाडून मागणं मला बरोबर वाटत नाही. चिंचेरोच्याच नील्दा काल्यान्याउपा यांनी १९९६ मध्ये कुस्कोत पारंपरिक वस्त्रांचं केंद्र उभं केलं, तिथे विणणारीचं नाव आणि भाव चिठ्ठीवर असतो. आधी तिथे डोळा तयार करा आणि मग बाजारात जा.

कोकराला कडेवर घेऊन रंगीत पोशाखात उभ्या असलेल्या बायकांचा फोटो काढलात तर पैसे द्यायचे असतात. २-५ सोल्स, आधी ठरवून. म्हणून सुटी नाणी हवीत, स्वच्छतागृहालाही १ सोल लागतो. कागद स्वतःचा न्या. फाटकी नोट कोणी घेत नाही, सोल असो वा डॉलर.

खडीसाखर

चाती, फार उपयोगी. चिंचेरोचं चर्च बघण्यासारखं आहे का? आणि जेवणाचं काय, दुपारचं बुफे घ्यावं का?

चाती

चर्च बघाच. इंकांचा राजा तुपाक इंका युपांकी याच्या वाड्याच्या पायावर उभं आहे. बाहेरच्या चौकात खालची भिंत इंकांची, तिच्यात खालून रुंद आणि वर निमुळते कोनाडे ओळीने, आणि वर मातीची पांढरी स्पॅनिश भिंत. दोन राजवटी एकाच भिंतीत दिसतात. आत फोटो काढू देत नाहीत. चिंचेरो ३,७६० मीटरवर आहे, या दिवसातली सगळ्यात उंच जागा तीच. कळसूबाईच्या दुपटीहून जास्त. म्हणून तिथे वळणावळणाच्या गल्ल्या सावकाश चढा.

नाचणीसत्त्व

जेवण. उरुबांबातल्या बुफेत शाकाहारी माणसाचं पोट भरतं, पण नीट विचारून घ्यावं लागतं. 'सोय बेहेतारियानो' एवढ्याने भागत नाही, कारण तिथल्या बऱ्याच जणांच्या हिशेबात कोंबडी मांसात मोडत नाही. 'सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो' असं तिन्ही म्हणा, म्हणजे मांस नको, कोंबडी नको, मासे नकोत. किन्वाचं सूप बघून आनंद होतो, पण त्याचा रस्सा बहुधा कोंबडीचा असतो. 'काल्दो दे पोयो?' असं विचारा. रोकोतो रेयेनो ही मोठी भरली मिरची दिसायला आपली वाटते, आत खिमा असतो.

बिनधास्त खाता येईल असं: चोक्लो कोन केसो, म्हणजे उकडलेलं कणीस आणि ताजं चीज. या खोऱ्यातल्या मक्याचा दाणा पांढरा आणि अंगठ्याच्या नखाएवढा असतो, दूधमोगऱ्यासारखा कोवळा नाही, पिठूळ. पापा आ ला वांकाइना म्हणजे उकडलेल्या बटाट्यावर दूध, चीज आणि पिवळ्या मिरचीची चटणी. पिसाकच्या गावात मातीच्या भट्टीत भाजलेली एम्पानादा मिळते, चीजची मागा. चिचा मोरादा हे जांभळ्या मक्याचं गोड सरबत, त्यात दारू नसते. पण चिचा दे होरा ही मोड आणलेल्या मक्याची आंबवलेली, त्यात असते. घराबाहेर काठीला लाल प्लॅस्टिक पिशवी बांधलेली दिसली की तिथे होरा मिळते.

बाजारात घरचं भेटेल. किविचा म्हणजे राजगिऱ्याचाच भाऊबंद, त्याच्या वड्या अगदी आपल्या चिक्कीसारख्या दिसतात आणि प्रवासात उत्तम. आग्वायमांतो म्हणजे आपली रसभरी, तीच पातळ कागदी टरफलातली, तिचं मूळ गावच हे. चिरिमोया सीताफळाच्या घराण्यातलं, पण साल जवळजवळ सपाट, बिया कमी आणि गर एकसंध. पिकलेली दाबून बघा आणि गाडीत चमच्याने खा. वाळवलेले काळे खडे दिसतात ते चुन्यो, रात्रीच्या थंडीत गोठवून आणि पायांनी तुडवून पाणी काढलेले बटाटे.

बुफेत मात्र अर्धपोटीच उठा. उंचीवर पचन मंदावतं आणि त्यानंतर दोन तास वळणांचा रस्ता आहे.

उंबरठा

उंचीचा मुद्दा निघालाच आहे तर. कुस्को ३,४०० मीटरवर, ओयांतायतांबो सुमारे २,८००. लिमाहून थेट कुस्कोला उतरून दुसऱ्याच दिवशी सहल करू नका. विमानतळावरून सरळ उरुबांबा किंवा ओयांतायतांबोला जाऊन पहिल्या दोन रात्री तिथे काढल्या तर ६०० मीटर खाली झोपता, फरक जाणवतो. अशा वेळी सहलही तिथूनच सुरू करा, गाडीचे दोन तास वाचतात. उंचीच्या त्रासासाठीची असेटाझोलामाइडची गोळी घ्यायची की नाही हे इथेच डॉक्टरांना विचारा, सल्फाची ॲलर्जी असेल तर आवर्जून सांगा. डोकेदुखी आणि मळमळ बऱ्याच जणांना होते. पण बसल्या जागी दम लागणं, चालताना तोल जाणं किंवा बोलण्यात गोंधळ दिसला तर सहल सोडून ताबडतोब खाली उतरायचं.

कोकाच्या पानांचा चहा हॉटेलात मिळतो, तिथे तो कायदेशीर आहे. पानं किंवा चहाच्या पुड्या भारतात आणू नका, अमली पदार्थांच्या कायद्याखाली गुन्हा आहे. मका आणि बियाणंही तिथेच ठेवा.

सगळ्यात जास्त विसरली जाणारी गोष्ट पिवळ्या तापाची लस. भारताच्या यादीत पेरू आहे. तिथून निघाल्यापासून ६ दिवसांच्या आत भारतात उतरलात आणि लसीचं पिवळं प्रमाणपत्र नसेल तर विलगीकरणात ठेवू शकतात. लस अधिकृत केंद्रातच मिळते आणि प्रमाणपत्र १० दिवसांनी लागू होतं, म्हणून शेवटच्या आठवड्यावर ढकलू नका. साठीपुढच्यांना या लसीत जोखीम जास्त, तेव्हा तुमच्यातल्या दोघांनी आधी डॉक्टरांशी बोलावं.

खडीसाखर

लसीचं खरंच डोक्यात नव्हतं, उद्याच चौकशी करते. मिठागरं आणि मोराय सोडायला मन होत नाही. ती कुठे बसतील?

दगडफूल

दुसऱ्या दिवशी अर्धा दिवस मिळाला तरच, बोलेतो दोन दिवस चालतोच. मोराय म्हणजे जमिनीत उतरत गेलेल्या गोल मजग्या, ३० मीटरच्या आसपास खोल. तळ आणि काठ यांच्या तापमानात बराच फरक पडतो, त्यावरून पिकांच्या प्रयोगांची जागा असावी असं मानतात, पक्कं ठरलेलं नाही. खाली उतरू देत नाहीत, काठावरून फेरी, ४५ मिनिटं पुरतात. २०१० च्या पावसात एका बाजूचे बांध ढासळले होते, दुरुस्तीचे दगड वेगळे ओळखू येतात.

मारासला तीन हजारांहून जास्त वाफे एकाच खाऱ्या झऱ्यावर भरतात. प्रत्येक वाफा एखाद्या कुटुंबाचा, पाट उघडून पाणी घ्यायचं आणि बुजवून टाकायचं, आपल्याकडे मळ्यात दारं धरतात तसं. वाफ्यांमधून चालणं २०१९ पासून बंद आहे, वरच्या कठड्यावरून बघायचं. जूनमध्ये वाफे पांढरे असतात, पावसाळ्यात चिखलाच्या रंगाचे होतात.

घाटवाट

आणि माचू पिचूची रेल्वेगाडी ओयांतायतांबोहूनच असेल तर मोराय आणि मारास त्याच दिवशी सकाळी करा. उरुबांबाहून दोन्ही जवळ आहेत, दुपारपर्यंत स्टेशनवर पोचता. स्टेशन अवशेषांच्या फाटकापासून पायी दहा-पंधरा मिनिटांवर, पुढे माचू पिचूच्या पायथ्याच्या आग्वास काल्येंतेस गावापर्यंत पावणेदोन तास. गाडीत मोठं सामान घेत नाहीत. चौघांच्या मोठ्या बॅगा हॉटेलात ठेवून एका रात्रीपुरती पाठपिशवी घ्या, आणि तिकिटावरचा पासपोर्ट क्रमांक मूळ पासपोर्टाशी आजच ताडून बघा, फाटकावर पासपोर्टच मागतात.